निशाणी पाच आणि एक बाज

बांध चालतो, असं आमचे वडील म्हणायचे. लहानपणी मला वाटायचं, रात्री माणसं झोपली की तो उठत असेल आणि ओढ्यापर्यंत फेरी मारून पहाटे जागेवर येत असेल. पुढे कळलं, तो वर्षातून एकदाच चालतो, नांगरटीला, आणि जातो तो एकाच बाजूला. आमच्या.

सातारा जिल्ह्यातल्या आमच्या गावात माझं आणि माझ्या चुलतभावाचं, म्हणजे आबांचं, रान लागून आहे. मधला बांध १६५ फूट लांब. आबांचा नांगर दर साली त्याची चार बोटं कोरतो. चार बोटं म्हणजे तीन इंच. तीन इंचांवरून चुलतभावाशी कुणी भांडतं का? वडील भांडले नाहीत. मी तर उभी हयात बँकेत लोकांची पासबुकं भरत बसलो होतो. निवृत्त होऊन गावी आलो आणि एका दुपारी रिकामपणी गुणाकार करून पाहिला. चाळीस वर्षं गुणिले तीन इंच म्हणजे दहा फूट. १६५ गुणिले दहा म्हणजे १६५० चौरस फूट. गुंठा १०८९ चौरस फुटांचा. आबांनी चार-चार बोटांनी दीड गुंठा चाटून खाल्ला होता आणि एकदाही ढेकर दिली नव्हती.

हे त्यांच्या कानावर घातलं तर ते हसले. "बँकेत राहून तुला व्याज लावायची खोड लागलीय," म्हणाले, आणि पुढच्याच आठवड्यात जेसीबी घेऊन आले. उरलासुरला बांध, त्यावरच्या लिंबाच्या झाडासकट, 'सरळ' करायला.

मी पोलीस ठाण्यात गेलो. ठाणे अंमलदारांनी दोन मिनिटं ऐकलं, एकच शब्द उच्चारला आणि वही मिटली.

"दिवाणी."

या शब्दात जी ताकद आहे ती दंडुक्यात नाही. शेत, भिंत, गटार, गच्ची, सामाईक विहीर, यातलं काहीही तुमच्या तोंडून बाहेर पडलं की मॅटर दिवाणी होतं आणि खुर्चीवरचा माणूस एकदम हलका होतो. मी विचारलं, "साहेब, फौजदारी कधी होतं?"

"मारामारी झाल्यावर."

"म्हणजे डोकं फुटल्यावर येऊ?"

"तसं मी म्हटलेलं नाही, काका. पण आलात तर घेऊ."

तरी माझ्या वयाकडे पाहून त्यांनी एनसी लिहून घेतली आणि आम्हां दोघांनाही शांतता राखण्याची नोटीस दिली. दोघांनाही, हे महत्त्वाचं. चोरी झालेल्याला आणि चोराला एकाच कागदावर 'आपणाकडून दखलपात्र गुन्हा घडल्यास' असं बजावण्याइतकी समदृष्टी मी कुठल्या संतातही पाहिलेली नाही. या नोटिशीला सगळे एकशेएकोणपन्नासची नोटीस म्हणतात. १ जुलै २०२४ पासून नवा कायदा आला आणि ते कलम एकशेअडुसष्ट झालं, पण गावात अजून जुनाच नंबर चालतो. आबांनी ती नोटीस कीर्तनाच्या पत्रिकेसारखी घडी घालून खिशात ठेवली आणि मला विचारलं, "चहा घेणार का? समोरच चांगला मिळतो."

तिथून मी तालुक्याच्या कोर्टात. वकीलपत्र, कोर्ट फी स्टॅम्प, सातबारा, फेरफार, प्रतिज्ञापत्र, फोटो. दाव्याबरोबर तात्पुरत्या मनाईचा अर्ज द्यायचा असतो आणि त्याला आमच्याकडच्या कोर्टांत 'निशाणी पाच' म्हणतात. कोर्टाच्या आवारात चार दिवस काढलेला माणूस पंचवीस वर्षांच्या दाव्याबद्दल बोलत नाही, निशाणी पाचबद्दल बोलतो. "तुमच्या निशाणी पाचचं काय झालं?" हे तिथे "मुलीचं कुठे जमलं का?" अशा सुरात विचारतात.

निशाणी पाचवर प्रतिवादीने 'से' द्यायचा असतो. से म्हणजे म्हणणं. आबांचं म्हणणं हा प्रकार मला जन्मापासून ठाऊक आहे. पारावर बसले की एसटीच्या वेळापत्रकापासून अमेरिकेच्या अध्यक्षापर्यंत त्यांचं म्हणणं असतं आणि ते मुदत मागत नाहीत. पण कोर्टाने विचारलं तेव्हा या माणसाला म्हणणं मांडायला चार तारखा लागल्या. पहिल्या तारखेला वकील नेमायचा होता, दुसरीला कागद मिळाले नव्हते, तिसरीला वकिलांकडे लग्न होतं. चौथ्या तारखेला से आला. त्यात एवढंच होतं, की वादीचं सर्व कथन खोटं आहे आणि प्रतिवादीला कबूल नाही.

या बाकावरच्या वाट पाहण्यात माणसाचं शिक्षण होतं. वकीलसाहेबांनी मला धीर द्यायला सांगितलं, की गिनीज बुकाने जगातला सर्वांत लांबलेला खटला म्हणून आपल्या पुण्याचाच एक खटला नोंदवला होता. १२०५ साली सुरू झालेला, निकाल २८ एप्रिल १९६६ ला. ७६१ वर्षं. तोही जमिनीचा नव्हे, उत्सवातल्या मानपानाचा. "आणि निकाल ज्याने दावा लावला त्याच्याच वंशजाच्या बाजूने लागला बरं का," हे सांगताना त्यांचा आवाज भरून आला. मी घरी येऊन नातवाकडे जरा वेगळ्या नजरेने पाहिलं.

पूर्वी, शिवकाळात आणि पेशवाईत, वतनाचा तंटा गोतसभेत सुटला नाही तर दिव्य करायची चाल होती. उकळत्या तेलातून धातूचा तुकडा, म्हणजे रवा, हाताने काढायचा. मग हाताला पिशवी बांधून मोहोर करायची आणि काही दिवसांनी ती उघडून फोड आलाय का पाहायचं. फोड नसेल त्याचं वतन. तारीख एकच, से नाही, निशाणी नाही. मला क्षणभर मोह पडला. पण मग आबांचे हात आठवले. त्या हातांना उकळतं तेल काय, डांबराचाही फोड येणार नाही, आणि माझ्या हाताला चहाच्या कपाने येतो. म्हटलं, आपली निशाणी पाचच बरी.

तर मनाई मिळाली. प्रतिवादीने वादमिळकतीत हरकत-अडथळा करू नये, बांध कोरू नये, झाड तोडू नये. मी हुकमाची सही-शिक्क्याची नक्कल काढली, लॅमिनेट केली आणि आबांना नेऊन दाखवली. ते म्हणाले, "चष्मा घरी राहिलाय," आणि ट्रॅक्टरवर चढले. रोटाव्हेटर माझ्या लॅमिनेशनपासून दोन फुटांवरून गेला.

मी पुन्हा ठाण्यात. या वेळी मान ताठ. फौजदारसाहेबांनी हुकूम खरोखर मन लावून वाचला. मग म्हणाले, "काका, हा हुकूम आबांना आहे. आम्हाला कुठाय?"

मी पुन्हा वाचून पाहिला. बरोबर होतं. कोर्टाने आबांना सांगितलं होतं, की असं करू नका. आबांनी ते केलं तर पोलिसांनी काय करावं, याबद्दल चकार शब्द नव्हता. देवळाबाहेर 'चपला चोरू नयेत' अशी पाटी असते आणि चपला तरीही जातात, तसा प्रकार. पाटीची चूक नाही. चपलांचीही नाही.

वकीलसाहेब म्हणाले, दोन रस्ते आहेत. एक, ऑर्डर ३९ रूल २अ. हुकूम मोडणाऱ्याची मिळकत जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात टाकता येतं. हे ऐकून मला घटकाभर बरं वाटलं. घरी बायकोने विचारलं, "आणि चैत्रात जत्रेला पालखीचा पुढचा खांदा कोण देणार? तुमचा गुडघा?" शिवाय मी कुठेतरी वाचलं होतं, की ऋणकोला दिवाणी तुरुंगात ठेवायचं तर त्याच्या जेवणाचा खर्च धनकोने भरायचा असतो. वकील म्हणाले, ते पैशाच्या वसुलीचं, आपल्याला लागू नाही. पण माझ्या डोळ्यांसमोर आबांना दोन वेळच्या भाकरीचा डबा पोचवणारा मीच येऊ लागलो, आणि आबा तेवढ्यावर थांबणारे नाहीत. ते आत बसून ठेचा मागतील.

दुसरा रस्ता पोलीस संरक्षणाचा. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची. १५८ कलमं आणि ५१ ऑर्डरी. गाय जप्त कशी करावी, उभं पीक जप्त कसं करावं, हे सगळं त्यात आहे. मनाई मिळालेल्या माणसाच्या बाजूला पोलीस कसा उभा करावा, हे मात्र सरळ सांगितलेलं नाही. अशा वेळी वकील कलम १५१ काढतात. या कलमात कोर्टाचे अंगभूत अधिकार आहेत. कायद्याच्या कपाटात जे कुठल्याच खणात सापडत नाही ते इथे सापडतं. आजीच्या बटव्यात सुंठ, सुपारी, जुनी किल्ली आणि चार आणे निघायचे तसं.

मधेच वकीलसाहेबांनी रिटचाही विषय काढला होता. राज्यघटनेचं कलम २२६, उच्च न्यायालय. मी मुंबईचं अंतर मोजून नको म्हटलं. पण १८ ऑगस्ट २०२५ ला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झालं आणि साताराही त्यात आला, तेव्हापासून माझ्या बाजूच्या साक्षीदारांत रिटबद्दल एकदम उत्साह दिसू लागला. पोलिसांनी माझं रक्षण करावं की नाही यात त्यांना रस नव्हता. पांढरा रस्सा दुपारी किती वाजेपर्यंत मिळतो, हे त्यांनी विचारून ठेवलं होतं. वकिलांनी मात्र सांगितलं, खालचं कोर्ट असताना वरचं कोर्ट आधी हेच विचारतं, की तिकडे का गेला नाहीत. रस्सा राहिला.

कलम १५१ चा अर्ज टाईप करायला मी कोर्टाबाहेरच्या टायपिस्टाकडे बसलो. चिंचेखाली टपरी, एक संगणक, वर निळं प्लास्टिक. वकीलसाहेब तोंडी सांगत होते, पण त्याला काही सांगावं लागत नव्हतं. 'प्रतिवादी हे अत्यंत दांडगाईखोर, खुनशी, कायद्याला न जुमानणारे व राजकीय वरदहस्त असलेले इसम असून' हे त्याच्या बोटांतच होतं. ते वाचून मलाच आबांची भीती वाटू लागली. राजकीय वरदहस्त म्हणजे त्यांच्या मेव्हण्याची ग्रामपंचायतीतली सदस्यकी, तीही मागच्या पंचवार्षिकमध्ये गेली.

पंधरा दिवसांनी आबांनीही अर्ज दिला. माझ्यापासून संरक्षण मिळावं म्हणून. मी चौसष्ट वर्षांचा, उजव्या गुडघ्याला पट्टा, सायकलवरून उतरताना दुकानदाराला हाक मारणारा माणूस. त्या अर्जात मी अत्यंत दांडगाईखोर, खुनशी, कायद्याला न जुमानणारा व राजकीय वरदहस्त असलेला इसम होतो. टायपिस्ट एकच. बायकोने तो परिच्छेद फोनवरून बहिणीला दोनदा वाचून दाखवला, दुसऱ्यांदा जरा अभिमानाने. छत्तीस वर्षांच्या नोकरीत माझ्या गोपनीय अहवालात 'नेमून दिलेले काम करतात' यापलीकडे कुणी काही लिहिलं नव्हतं.

पुढे सातव्या परिच्छेदात टायपिस्टाचं बोट घसरलं होतं. 'अर्जदार हे बँकेतून सेवानिवृत्त झालेले कायदाप्रेमी नागरिक असून,' आणि खाली आबांची सही. आबा बँकेत गेले ते पीककर्जाला, आणि कर्जमाफीची यादी लागली ती पाहायला.

आता एवढं झाल्यावर गावाने मध्ये पडायला नको का? पडलं असतं. आमच्या वेशीवर तंटामुक्त गाव असा फलक आहे. २००७ साली आर. आर. पाटील गृहमंत्री असताना ती मोहीम निघाली आणि गावोगाव समित्या झाल्या. आमच्या समितीचे अध्यक्ष आबा.

न्यायाधीशांनी दोघांचं ऐकलं. पोलिसांनी असलेल्या ताब्याचं रक्षण करायचं, पोलिसांच्या आडून नवा ताबा मिळवायचा नाही, हे त्यांनी माझ्याकडे पाहून सांगितलं आणि मग आबांकडे पाहून पुन्हा सांगितलं. भूमी अभिलेखकडून हद्दकायम मोजणी व्हावी आणि त्या वेळी पोलीस बंदोबस्त असावा, असा हुकूम झाला. या वेळी पोलिसांचं नाव कागदावर होतं. मी तो लॅमिनेट केला नाही.

बंदोबस्त सशुल्क. हुद्द्यानुसार, माणशी, दिवसाला, चलन भरून. चलन भरलं आणि माझी पंचांगाशी नवी ओळख झाली. मोजणीला भूकरमापकाची तारीख हवी, त्याच तारखेला पोलीस हवेत आणि रानात पीक नको. लग्नाचा मुहूर्त गुरुजी पाच मिनिटांत काढतात, कारण त्यांना फक्त ग्रह जुळवायचे असतात. इथे दोन खाती आणि सोयाबीन जुळवायचं होतं. पहिली तारीख आली तेव्हा माउलींची पालखी लोणंदला मुक्कामी होती आणि सगळं ठाणं तिकडे. दुसरीला गणपती. तिसरीला नवरात्र. चौथीला पोलीस मोकळे होते, पण मोजणीवाले निवडणुकीच्या कामावर. पाचवीला दोघेही मोकळे होते म्हणून मी आनंदाने रानात गेलो, तर आबांनी गहू पेरला होता. मग बारावीची परीक्षा, मग तारखेची शिवजयंती, मग तिथीची शिवजयंती, मग गावोगावच्या जत्रा. महाराष्ट्रात वर्षभर कशाला ना कशाला बंदोबस्त असतो, एक माझ्या बांधाला सोडून.

शेवटी मे महिन्यात सगळं जुळलं. सकाळी दहाला मोटारसायकलवरून बंदोबस्त आला. एक हवालदार आणि मागे एक होमगार्ड. आभाळ भाजून निघत होतं. हवालदारसाहेबांनी रानावरून नजर फिरवली. सावली एकच होती, वादातल्या लिंबाची. आबांनी पोराला हाक मारली, "आरं, सायबांना बसाया बाज आण." पोराने घरून नवारीची बाज आणली आणि लिंबाखाली टाकली. मी घरून चहा मागवला. हवालदारसाहेब बाजेवर बसले, टोपी मांडीवर काढून ठेवली आणि माझ्या चहाचा घोट घेत आबांना विचारलं, "तुम्ही त्या वाठारच्या जाधवांचे कोण?" निघाले कुणाच्या तरी साडूचे साडू. अर्ध्या तासात तिघंही कुठल्याशा लग्नातल्या जिलबीबद्दल बोलत होते. मी धरून.

मोजणीवाल्यांनी जीपीएस रोव्हर लावला. पूर्वी साखळी असायची तेव्हा दोन्हीकडची माणसं ती ताणायला धावायची, त्यात निदान भांडायला जागा होती. हे यंत्र काठीवर उभं राहतं आणि आभाळाशी बोलतं. दोन तासांनी चुन्याच्या खुणा पडल्या. त्या आबांच्या रानात, सध्याच्या बांधापासून नऊ फूट आठ इंच आत. माझा गुणाकार चार इंचांनी चुकला होता. आबा तेवढं बोलले, "बघ, म्हटलं नव्हतं? खोटा दावा लावतोस."

त्यांनी मोजणीवर हरकत घेतली, मनाईवर जिल्हा कोर्टात अपील केलं. या अपिलाचं कायदेशीर नाव किरकोळ दिवाणी अपील. जिल्हा कोर्टाने पुढील तारखेपर्यंत 'जैसे थे' ठेवायला सांगितलं. मी घरी येऊन पंचनाम्याची नक्कल चाळत बसलो होतो, तर पान दोनवर दिसलं, 'वादमिळकतीवर लिंबाचे एक झाड व त्याखाली एक लाकडी बाज, नवारीची, मिळून आली.' त्या दिवशी हवालदारसाहेब उठून गेले, आम्ही पांगलो आणि बाज तिथेच राहिली होती.

वकीलसाहेबांना फोन केला तर ते ताडकन उठून बसल्याचं आवाजावरून कळलं. "बाज कुणाची?"

"आबांची."

"अहो, मग ताब्याचा पुरावा झाला ना त्यांचा! चहा तुमचा होता, हे लिहिलंय का पंचनाम्यात?"

लिहिलेलं नव्हतं. कप आम्ही परत आणले होते.

बाज उचलून आबांच्या दारात टाकावी म्हटलं तर ती माझ्याकडून जैसे थेची पायमल्ली. आबांनी नेली तर त्यांनीच ताबा सोडला. त्यामुळे दोघांनीही हात लावलेला नाही. पावसाळ्यात नवार कुजली, एका खुराला वाळवी लागली. दुपारी त्यावर गावातली एक कुत्री पिलं घेऊन झोपते, तिला कुणी पक्षकार केलेलं नाही. मागच्या आठवड्यात आबांच्या सुनेचं बाळंतपण आलं, घरात बाज कमी पडली. आबांनी सदर बाज हलवतेवेळी पोलीस संरक्षण मिळावं म्हणून अर्ज दिला आहे. माझा से सोमवारी आहे. मी मुदत मागणार आहे.